कानबाईमागची भिंत

मी एक जुनी भिंत आहे. सुरतेच्या कतारगामात निंबाभाऊंच्या खोलीची मागची बाजू मीच. मित्रांनो, विटामातीने मला रचलं तेव्हा मी चांगली ताठ होते. पुढे गटाराचं पाणी पायाशी मुरत गेलं आणि अंगाला उभी भेग पडली.

"ही पुढचा पावसाळा काढणार नाही," मिस्त्री म्हणाला. निंबाभाऊ कापडाच्या लूमवर राबायचे, पण दुरुस्ती काही झेपणारी नव्हती. खोली सोडली तर मुलीची, हर्षदाची, शाळा सुटून सगळ्यांना गावी, शिरपूरला परतावं लागणार होतं.

हर्षदाची आई सुंदरा मात्र खचली नाही. दुरुस्तीला कुणी मदत देतं का, हे विचारत ती दारोदार फिरली. कुठे हाकललं, कुठे हसले. शेवटी पर्वत पाटिया भागातल्या एका सेवा मंडळाचा पत्ता लागला. ते घरदुरुस्तीला अनुदान देत. परत फेडायचं नाही. फक्त त्यांचा माणूस आधी येऊन पडझड बघणार होता.

तो आला नेमका श्रावणात, कानबाईच्या रविवारी. आम्हा खानदेशींत कानबाई बसवायची तर घर आधी उजळायचं. सुंदराने माझी भेग लिंपून वर पांढराशुभ्र चुना दिला होता, आणि माझ्याच पुढ्यात देवी मांडली होती.

मंडळाचे ठाकोरभाई मला न्याहाळत म्हणाले, "बेन, दीवाल तो एकदम सरस छे."

शेजारची सरस्वती हसली. "माय वं, तू ते भिंतले नवरी करी टाकी."

"खरवड ना," म्हणत निंबाभाऊ उलथणं घेऊन पुढे आले. "साहेब गया का पैसा गया समज."

सुंदराने हात आडवा धरला. "देवी बसेल शे." देवी बसलेली असताना तिच्यामागची भिंत खरवडायची नव्हती. मग ती ठाकोरभाईंना हळूच म्हणाली, "भाई, गलती मेरी है. चूने के नीचे बड़ी दरार है. कल देवी उठेगी, तब आओ. नहीं आए तो समझूंगी, इतने ही दिन रहना था यहाँ."

ठाकोरभाई वही मिटून निघून गेले.

दुसऱ्या दिवशी तापीवर विसर्जन करून सुंदरा ओल्या पदरानेच परतली आणि माझा चुना न् लिंपण काढू लागली. ते येतील की नाही, तिला ठाऊक नव्हतं. भेगेतून पलीकडची गल्ली दिसू लागली तेव्हा दारात चपला वाजल्या. ठाकोरभाईंनी भेगेत मनगटापर्यंत हात घातला.

"अरे बेन, इतना था तो कल बताया क्यूँ नहीं?"

"बताया था, भाई. आपने रंग देखा."

ते ओशाळून हसले. अनुदान मंजूर झालं.

मित्रांनो, मला पाडून नवी भिंत उभी राहिली. माझ्या विटा तिच्याच पायात गेल्या. तुमच्याही घराला भेग पडली तर रंगाआधी दुरुस्ती करा, आणि मदत मागायला लाजू नका. सुंदरासारखं सरळ मागा. हर्षदा आता वर नव्या भिंतीला पाठ टेकून धडा वाचते आणि मी खालून ऐकते.