क्यू देणारा बाप

मी नट आहे. हे मुद्दाम सांगावं लागतं, कारण लोक मला रस्त्यात अडवून विचारतात, "तुम्ही बँकेत होतात ना?" अहो, बँकेत कसला! तुमच्याच घरात होतो, टीव्हीवर. "आता चोवीस तास महत्त्वाचे" म्हणणारा डॉक्टर मीच. सगळं उरकल्यावर धावत येणारा इन्स्पेक्टर मीच. ऐन उमेदीत नायिकेचा काका झालो आणि डोक्यावरचे केस उडाले तरी काकाच राहिलो.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. दोघांचा सीन असला की कॅमेरा आधी एकाच्या तोंडावर लावतात, मग फिरवून दुसऱ्याच्या. एकाचा क्लोजअप चालू असताना दुसऱ्याने कॅमेऱ्याशेजारी उभं राहून आपली वाक्यं म्हणायची. ह्याला क्यू देणं म्हणतात. पहिला क्लोजअप हिरोचा, हे काय सांगायला हवं? आणि तो झाला की हिरो व्हॅनमध्ये जाऊन पाय पसरतो. मग आमच्यासारख्यांना क्यू देते कंटिन्युटीवाली बाई, म्हणजे मागच्या शॉटमध्ये कोण कुठे कसा होता ते टिपून ठेवणारी. चष्मा कपाळावर, कागद हातात, आणि "बाबा, मला माफ करा" हे ती पुढची बस कधी आहे असं विचारल्यासारखं वाचते. जन्मभर मी त्या बाईकडे बघून गहिवरत आलोय.

ह्या मालिकेत मी हिरोचा आजारी बाप. काम म्हणजे खाटेवर पडून खोकायचं. हिरोला आम्ही मेकअपरूममध्ये राजपुत्र म्हणतो, तो आत आला की आपोआप सगळ्यांच्या खुर्च्या रिकाम्या होतात म्हणून. तर एक दिवस लेखकाला काय दया आली कोण जाणे, त्याने मला मरताना अख्खं पानभर बोलायला दिलं. मुलाला बापाची लाज वाटत आलेली, आणि बाप म्हणतो, मला सगळं कळत होतं रे, पण तुझ्यावर राग धरता आला नाही. दिग्दर्शक माझ्या मुलाच्या वयाचा. तो म्हणाला, "काका, पूर्ण भाषण तुमच्या क्लोजअपवर. मध्ये कट नाही."

मी घरी येऊन बायकोपुढे पान नाचवलं. "अख्खं पान! मध्ये कट नाही!"

"अहो, पण उलटं धरलंय," ती म्हणाली.

तिला काय कळणार! इतकी वर्षं ह्या चेहऱ्यावर पोट भरलं, पण तो चेहरा कोणी धड थांबून बघितला नव्हता. मरण्याआधी एकदा लोकांनी मला नीट बघावं, एवढंच हवं होतं मला. मी स्वयंपाकघरात म्हटलं, न्हाणीघरात म्हटलं, जिन्यात म्हटलं. शेवटी बायको वैतागून म्हणाली, "त्या मुलाच्या जागी मी असते ना, तर नुसतं तुम्ही गप्प बसावं म्हणून पाया पडले असते."

शूटिंगच्या दिवशी अर्थातच आधी राजपुत्राचा क्लोजअप. आणि त्याला रडू येईना! ग्लिसरीन घातलं, डोळे लालभडक झाले, पण चेहरा असा की कोणीतरी पाय तुडवलाय. दिग्दर्शकाने मला बाजूला घेतलं. "काका, घोडं अडलंय. जरा मनापासून क्यू द्या ना."

आता ह्या धंद्यात नव्याने आलेल्या पोरालाही कळतं की क्यू देताना नुसती वाक्यं टाकायची आणि आतला माल स्वतःच्या शॉटसाठी राखायचा. मला कळत नव्हतं का? पण "मनापासून" हा शब्द मला आजवर कोणी म्हटला नव्हता. मी पाघळलो. कॅमेऱ्याशेजारी उभा राहिलो आणि होतं नव्हतं तेवढं ओतलं. आवाज फुटला, नाक वाहायला लागलं. राजपुत्राचे डोळे खरोखर भरून आले. लाइटवाले कधी कोणाचे संवाद ऐकत नाहीत, तेसुद्धा वरून वाकून ऐकत होते. कट झाल्यावर टाळ्या पडल्या. त्याला. त्याने मला मिठी मारली, "काका, कमाल!" म्हणाला आणि व्हॅनमध्ये गेला.

कॅमेरा माझ्याकडे फिरला. समोर चष्मा कपाळावर. "ॲक्शन!"

शब्द सगळे आले. बाकी काही आलं नाही. दुसऱ्या टेकला मी ओढूनताणून हुंदका काढला, तो माझा मलाच खोटा वाटला. तिसऱ्याला तर नुसता खोकलो. मी म्हटलं, हिरोला बोलवा, मला समोर माणूस हवाय. निरोप आला, त्यांनी मेकअप उतरवलाय, सॉरी म्हणतायत. माझी तार सटकली. "मी त्याच्यासाठी आतडी पिळून दिली आणि त्याला चार पावलं येववत नाही?" आख्खा सेट माझ्याकडे बघायला लागला. तेव्हा मात्र कॅमेरा बंद होता.

"काका, शांत व्हा," दिग्दर्शक घड्याळाकडे बघत म्हणाला. "तुमचा मघाचा आवाज रेकॉर्ड झालाय. अप्रतिम आहे. तोच त्यांच्या चेहऱ्यावर लावू. तुमच्या पाठीचा एक शॉट घेतो, म्हणजे झालं."

तो भाग लागला तेव्हा मी बायकोला आधी काही सांगितलं नाही. आधी माझी पाठ दिसली, मग राजपुत्राचा चेहरा, आणि त्याच्यावर माझं अख्खं पान. मध्ये कट नाही. बायको डोळे पुसत होती.

"काय काम केलंय हो पोराने," ती म्हणाली.

"अगं, बोलतोय कोण? आवाज माझा आहे!"

"हो हो, तुमचंही छान झालंय. पण त्याचा चेहरा बघा ना."

मला फार लागलं. उठून पाणी प्यायलो.

दुसऱ्या दिवशी प्रॉडक्शनच्या मॅनेजरचा फोन. "काका, तुमचं पात्र तर संपलं. पण हिरोसाहेबांनी सांगितलंय, यापुढे त्यांच्या प्रत्येक रडण्याच्या सीनला क्यू तुम्हीच द्यायचा. समोर कोणीही असो."

"उद्या समोर कोण आहे?"

"बायको सोडून जाते, तो सीन आहे."

"म्हणजे मी त्याची बायको?"

"फक्त आवाजापुरते हो. मेकअप नको, कपडे नकोत. घरच्या कपड्यांत आलात तरी चालेल, दिसणार कुठे आहात?"

अंगाचा तिळपापड झाला. वाटलं, त्याच्या सात पिढ्या उद्धाराव्या, फोन भिंतीवर आपटावा. तोंडही उघडलं.

"हे बघा," मी म्हटलं, "बायकोची वाक्यं आज संध्याकाळपर्यंत पाठवा. आयत्या वेळी दिलेलं मला चालत नाही."