दसऱ्याला बदललेल्या तारा

मी एक जुनी गिटार आहे. माझ्या पोटावर हळदीकुंकवाचा एक डाग आहे, तो आता पुसूनही जात नाही. त्या डागाची गोष्ट मी सांगणारच आहे, मित्रांनो. पण आधी त्या दिवसाबद्दल सांगते, ज्या दिवशी माझ्यातून काय गेलं ते घरात कळलं.

तो दसरा होता. माझी मालकीण नीना जाऊन नऊ आठवडे झाले होते. घरात वर्षभर सण करायचे नव्हते. पण तिचा नवरा उल्हास म्हणाला, "गोडधोड नको, तोरण नको. फक्त हिची पूजा करू. नीनाने एकही दसरा चुकवला नाही." ब्रिस्टलच्या त्या घरात, पुढच्या खोलीत, पाटावर लाल कापड घालून त्याने मला ठेवलं आणि हळदकुंकू वाहिलं.

मग त्यांच्या मुलीने, तनूने, मला मांडीवर घेतलं. तनू अठरा वर्षांची, इथेच वाढलेली, मराठी थोडं मोडकंच बोलणारी. ग्लासगोला युनिव्हर्सिटीत नुकतीच गेलेली, आदल्याच दिवशी ट्रेनने घरी आलेली. तिने आईची वही उघडली, वहीत काढलेल्या ठिपक्यांप्रमाणे बोटं ठेवली आणि तारा छेडल्या.

भांडी पडावीत तसा आवाज झाला. तिने बोटं पुन्हा नीट ठेवली. पुन्हा तोच आवाज.

"बाबा, तू काय केलंस ह्याला?"

"काही नाही गं. पूजेसाठी दुकानातून सर्व्हिस करून आणली. गंजलेल्या तारा काढून नव्या घातल्या."

"स्ट्रिंग्ज चेंज केले? आणि ट्यूनिंग?"

"तेही करून दिलं त्यांनी. 'गुड ॲज न्यू, मेट' म्हणाला दुकानवाला."

तनूने वही मिटली. "बाबा, आईचा गाणं त्या ट्यूनिंगमध्येच होता."

उल्हास पाटासमोर बसला होता तो बसूनच राहिला. तो उठला तेव्हा निरांजन विझून गेलं होतं.

तुम्हाला हे समजायचं तर माझं आयुष्य थोडं ऐकावं लागेल.

एका म्हाताऱ्या इंग्रज कारागिराने मला आपल्या शेडमध्ये बनवलं. पोट स्प्रूसचं, पाठ महोगनीची. पुढे मी वॉटफर्डच्या एका दुकानात जुन्या सामानात पडून होते. तिथून नीनाच्या वडिलांनी, नंदूकाकांनी, मला घरी आणलं. त्यांना खरं तर मुलीने पेटी शिकावी असं वाटत होतं. "भजनाला हिचा काय उपयोग?" असं ते मला उचलून आणतानाही म्हणत होते. नीना तेव्हा तेरा वर्षांची होती.

शाळेत नेटबॉल खेळताना तिच्या डाव्या हाताची करंगळी मोडली होती. ती वाकडीच जुळली. इतर लोक बोटं ताणून जे सूर काढत, ते तिला जमत नसत. म्हणून तिने बोटं ताणली नाहीत, माझ्या खुंट्या पिळल्या. एक तार उतरव, दुसरी चढव, हात पोचेल असं काहीतरी जुळव. प्रत्येक गाण्याला तारा वेगळ्या लावलेल्या. त्यातून जे वाजायचं ते दुसऱ्या कोणासारखं नसायचं. तिची गाणी कुठल्याच खोक्यात बसत नसत, म्हणून दुकानदार तिची सीडी 'ऑल्टरनेटिव्ह'च्या रॅकवर ठेवत.

आम्ही पबच्या कोपऱ्यांत वाजवलं, जिथे लोक पाठ करून बसत. मग छोट्या हॉलमध्ये वाजवलं, जिथे लोक तोंड करून बसू लागले. ग्लासगोला एकदा तिला खुंट्या पिळायला फार वेळ लागला, तेव्हा मागून कोणी ओरडलं, "गाणं आज आहे की उद्या?" ती म्हणाली, "मॅन्युअल गाडी आहे, बाबा. गिअर टाकू दे." सगळा हॉल हसला. त्या वर्षी पेपरात तिच्या अल्बमला चार तारे मिळाले. रेडिओवर तिचं गाणं लागलं, तेव्हा उल्हासने गाडी हमरस्त्याच्या कडेला थांबवली होती.

दर दसऱ्याला, कुठेही असलो तरी, ती मला हळदकुंकू लावायची. एकदा हॉटेलच्या खोलीत घाईत पाणी जास्त झालं आणि डाग लाकडात मुरला.

मग तिसऱ्या अल्बमच्या वेळी कंपनी म्हणाली की हिट गाणं हवं. तिने दोन वर्षं प्रयत्न केला. एके दिवशी कंपनीचा ईमेल आला, चार ओळींचा, करार संपल्याचा. ती प्राथमिक शाळेत मुलांना उकुलेले, म्हणजे चार तारांची छोटी गिटार, शिकवू लागली, आणि मी जिन्याखालच्या कपाटात गेले. झाडायचं हूव्हर मशीन, पावसाळी वेलिंग्टन बूट आणि मी. सहा वर्षं. ओलीने माझी पाठ फुगली. त्या सहा वर्षांत मला कोणी हाक मारली नाही, फक्त दसऱ्याला दार उघडायचं, एक बोट कपाळाला लागायचं, दार बंद.

तिच्या आजारानेच मला बाहेर काढलं. डॉक्टरांनी काहीच महिने उरल्याचं सांगितलं तेव्हा तिने मला मांडीवर घेतलं. तनू सप्टेंबरात घर सोडून जाणार होती, तिच्यासाठी गाणं करायचं होतं. बोटं सुजलेली, त्यामुळे खुंट्या तिने कधी नव्हत्या तशा पिळल्या. सगळ्यात जाड तार तर इतकी सैल केली की ती माझ्या मानेवरच्या पट्ट्यांवर आपटायची. ते तिला आवडलं. "ऐक, दार वाजल्यासारखं येतंय," ती उल्हासला म्हणाली होती.

तिचा एक नियम होता. गाणं पुरं होईपर्यंत रेकॉर्ड करायचं नाही. बोटांच्या जागा वहीत काढायच्या, सूर मात्र माझ्या तारांवर राहू द्यायचे. मीच तिची दुसरी वही होते. गाणं संपेपर्यंत खुंटीला कोणी हात लावायचा नाही, हे तिला इतकं साधं वाटायचं की तिने ते घरात कधी बोलून दाखवलं नाही.

शेवटच्या आठवड्यात ती उल्हासला म्हणाली, "हिला बघशील ना? नीट सांभाळ." तो म्हणाला, "सांभाळतो." पुढे बोलायला तिला दम नव्हता, आणि त्याने विचारलं नाही.

उल्हास विमानाच्या पंखांच्या कारखान्यात इंजिनिअर आहे. तिथे एक स्क्रू सोडवण्याआधीसुद्धा तो रीडिंग लिहून ठेवतो. माझ्या बाबतीत त्याने काही लिहिलं नाही. मी त्याला कधी मशीन वाटलेच नाही. मी नीनाची होते, आणि माझ्यावर धूळ होती, एवढंच त्याला दिसलं.

दसऱ्यानंतर तो दुकानात गेला. दुकानवाला माणूस चांगला होता, जुन्या तारा कशा लावलेल्या होत्या ते खूप वेळ आठवत राहिला. "सॉरी, मेट. आधी सगळ्या तारा सैल करतो, मग कापतो," एवढंच तो शेवटी म्हणाला.

तुम्हाला वाटेल, मला तरी ते सूर आठवत असतील. नाही आठवत. ते लाकडात नव्हते, तारांत होते. माझ्याजवळ राहिला तो फक्त डाग.

तनू दोन दिवस बसून खुंट्या फिरवत होती. उल्हास शेजारी बसून प्रत्येक प्रयत्न कागदावर लिहीत होता. "हे आहे का?" "नाही." "हे?" "माहीत नाही, बाबा. मी ते फक्त जिन्यातून ऐकला होता." रविवारी तिची ट्रेन होती. जाताना तिने त्याला मिठी मारली. तो स्टेशनवरून आला आणि कोट न काढता माझ्यासमोर बसला.

मित्रांनो, गेलेल्या माणसाची वस्तू तुमच्या हाती आली तर ती लगेच स्वच्छ करू नका. जी तार गंजलेली दिसते ती तशीच राहू द्या. माणूस असेपर्यंत विचारून घ्या, तो बोलायला दमत असला तरी. उल्हासने माझ्यावर माया केली म्हणूनच हे झालं, आणि ही गोष्ट मी त्याला सांगू शकत नाही, रागानेही नाही आणि समजुतीनेही नाही.

गाण्याची दोन कडवी वहीत आहेत. बोटं कुठे ठेवायची ते आहे. तारा कशा लावायच्या ते कोणालाच माहीत नाही. तनूचं गाणं वाजवायचं राहिलं आहे.