नाळेच्या झाडाखाली

फूटपट्टी नसलेला मोजणीदार कधी पाहिलाय? मी पाहिला. बाई होती. किंग्स्टनच्या विद्यापीठातून आली होती, नाव आंद्रिया पेनिकुक. पायात चिखलाचे बूट, डोक्यावर टोपी, गळ्यात एवढासा रेकॉर्डर. म्हणाली, "मी भूगोल शिकवते. तुमच्या गावाचा नकाशा करायला आलेय."

मी म्हटलं, "मग साखळी कुठाय? टेप कुठाय?"

"मला लांबी-रुंदी नको, मिस इसी. ही जागा तुम्हाला काय वाटते, ते हवंय."

घ्या! जागा काय वाटते म्हणे. जागा जागा वाटते, आणखी काय वाटणार? तेव्हाच मी ओळखलं, पाणी कुठेतरी मुरतंय. मोजणी करणारा चोर एकवेळ परवडला, तो निदान काय चोरणार ते टेप लावून सांगतो.

माझा संशय उगीच नव्हता. आमची जमीन टेकडीवरून थेट खाडीच्या वाळूपर्यंत उतरते. गुलामी सुटल्यावर आमच्या खापरपणजोबांनी कंद विकून विकून ती घेतली आणि सांगून गेले, ही कुणा एकाची नाही. त्यांच्या रक्ताच्या कुणीही इथे घर बांधावं, इथेच मातीत जावं, पण एकानं जरी 'नाही' म्हटलं तरी विकायची नाही. आता त्या वाळूवर हॉटेलवाल्यांचा डोळा आहे. लंडन-टोरांटोतच जन्मलेली आमची चुलत भावंडं कधीच 'हो' म्हणून बसलीत. त्यांना काय, त्यांना इथले डास थोडेच चावतात! 'नाही' म्हणणारी मी, इसिल्डा. माझा धाकटा भाऊ रॅन्सफर्ड चर्चचा मोठा कारभारी, पण या बाबतीत त्याचं तोंड म्हणजे बंद शिंपला. बैठकीत कुणी विचारलं की एवढंच म्हणतो, "इसी म्हणेल ते." हे मला कधीच आवडलं नाही. माणसानं हो म्हणावं नाही तर नाही म्हणावं.

मला काय हवंय? काही नाही. माझं घर आहे ते राहावं आणि मेल्यावर आईशेजारी, माझ्या झाडाखाली मला पुरावं. बास.

झाडाचं सांगते. आमच्याकडे मूल जन्मलं की नाळ मातीत पुरतात आणि वर रोप लावतात. कुणाचा नारळ, कुणाचा आंबा. ते झाड त्या मुलाचं, मरेपर्यंत. आणि नाळेच्या झाडाखाली कुणी खोटं बोलत नाही. बोललं तर झाड वांझोटं होतं. आमची पोरंसुद्धा थाप मारायची झाली तर आधी रस्त्यापर्यंत पळत जातात, मग मारतात. माझं झाड नीरफणसाचं, अख्ख्या टेकडीत थोराड. दर हंगामात निम्मं गाव त्याच्यावर जेवतं आणि त्याची मला घमेंड आहे, का नसावी?

तर ही पेनिकुकबाई एकेकाला घेऊन गावभर चालायला लागली. चालता चालता विचारायची, इथे काय झालं, हे कुणाचं, इथून जाताना काय आठवतं. आणि आमची माणसं! हॉटेलवाल्यांच्या वकिलाला ताकास तूर लागू दिली नव्हती त्यांनी, पण हिच्यापुढे घळाघळा बोलत सुटली. इथे वादळात चर्चचं छप्पर उडालं, इथे अमका घोड्यावरून पडला, हा आंबा माझा, तो नारळ माझ्या लेकीचा. मी कोयता घेऊन मागे मागे. गवत कापते असं दाखवायचं आणि कान तिकडे.

पहिल्याच दिवशी मी तिला सगळ्यांसमोर विचारलं, "बाई, तुझी नाळ कुठाय?"

"हॉस्पिटलात जन्मले मी. टाकून दिली असेल कचऱ्यात."

मी खो-खो हसले. "म्हणजे तू कुठलीच नाहीस की गं!"

सगळे हसतील म्हणून इकडे तिकडे पाहिलं, तर कुणीच हसलं नाही. रॅन्सफर्ड स्वतःचे बूट बघत होता. ती बाई मात्र हसली. "खरंय," म्हणाली, "म्हणूनच दुसऱ्यांच्या जागा विचारत फिरते." गोड बोलायला काय जातं!

मग आली ड्रुसिलाची पाळी. ड्रुसिला माझी शेजारीण, हिच्या तोंडात तीळ भिजत नाही. दोघी आमच्या कुंपणापाशी आल्या, मी कर्दळींच्या आड. ड्रुसिलानं सगळं सांगितलं. विहीर कुणी खणली, आईचं थडगं कुठलं, रॅन्सफर्डचा नारळ कुठला. मग बाईनं नीरफणसाकडे बोट केलं. "आणि हे एवढं मोठं? हे कुणाचं?"

ड्रुसिलानं तोंड उघडलं आणि मिटलं.

"ते... ते झाड आहे," ती म्हणाली, आणि बाईचा दंड धरून तिला ओढतच पुढे घेऊन गेली.

ड्रुसिला गप्प! माझ्या आयुष्यात ती कधी गप्प झाली नव्हती, नवऱ्याच्या मयतीलासुद्धा नाही.

त्यानंतर मी नीट लक्ष ठेवलं. म्हातारा एग्बर्ट आला, तोही माझ्या झाडाशी येऊन मुका. वरच्या वाडीतल्या दोघी बहिणी आल्या, त्या तर झाड लांबून दिसताच वाट बदलून गेल्या. आणि रोज सकाळी रॅन्सफर्ड, स्वच्छ सदरा घालून, घरोघर. कुणाशी दारात कुजबुज, कुणाच्या खांद्यावर हात. मी समोर दिसले की, "काय ऊन आहे नाही आज?" अरे, ऊन मला सांगतोस? मी काय कालच आले इथे?

हिशेब सोपा होता. विकली. यांनी जमीन विकली, माझ्या झाडासकट विकली, आणि सगळ्या गावाला ठाऊक आहे, फक्त मला नाही. ही बाई नकाशावर झाड टिपून घेणार आणि पाठोपाठ यंत्र येणार. कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात ते उगीच नाही. ज्याला मी कडेवर घेऊन फिरले, ज्याचं नाक पुसलं, तोच!

तळपायाची आग मस्तकात गेली. दुपारी रॅन्सफर्ड अंगणात मासे साफ करत होता, मी त्याचं मनगट धरलं.

"चल."

"कुठे?"

"झाडाखाली."

त्याचा चेहरा उतरला. "इसी, जेवल्यावर बोलू."

"आत्ता. घरात थापा मारशील तू, मला माहितीय. तिथे बोल काय बोलायचं ते."

खेचतच नेला त्याला. एवढा मोठा बाप्या, हाताला खवले, मुकाट आला. आईच्या थडग्याजवळ त्याला उभा केला आणि विचारलं, "या झाडाशी आलं की गावाची वाचा का बसते? विकलंस तू हे?"

"नाही."

"मग?"

"नको विचारूस, इसी. तुझ्या पाया पडतो."

"रॅन्सफर्ड, तू ज्या झाडाखाली उभा आहेस ते कुणाचं आहे ठाऊक आहे ना? बोल!"

तो खाली बसला, मुळावरच. मग म्हणाला, "ठाऊक आहे. म्हणूनच बोलत नव्हतो. हे तुझं नाही."

मी हसलेच. खरंच हसले. म्हटलं, याला ऊन लागलं.

"आईला पहिली मुलगी झाली," तो बोलत राहिला, माझ्याकडे न बघता. "तिची नाळ पुरली, वर हे रोप लावलं. ती नऊ दिवससुद्धा जगली नाही, नाव ठेवायच्या आतच गेली. आईला दूध येत होतं आणि ती भिंतीकडे तोंड करून पडून राहायची. तेव्हा सुईण बंदरावरून एक बाळ घेऊन आली. कुणी एक बाई बोटीनं इंग्लंडला गेली होती, परत येते सांगून. ती काही आली नाही. ते बाळ तू."

"खोटं."

"कुठे बसलोय मी, इसी?"

मीच आणलं होतं त्याला तिथे.

"सगळ्यांना माहितीय?"

"जुन्या लोकांना. त्यांच्याकडून पोरांना. आईनं शपथ घातली होती, इसीला कळू द्यायचं नाही. कुणी सांगितलंही नाही. पण ही बाई झाड झाड विचारत आली. इथे खोटं बोलता येत नाही आणि खरं तिच्या यंत्रात गेलं तर लंडनपर्यंत पोचायला किती वेळ? आपली भावंडं वकील घेऊन येतील. म्हणतील, ही रक्ताची नाही, हिला काढा. विक्रीला मी 'नाही' म्हणेन, जमीन राहील. पण तुझं घर? तुझी आईशेजारची जागा? म्हणून मी दारोदार फिरलो, सांगत होतो की त्या झाडाशी फक्त गप्प राहा."

मला वाटलं त्याला एक ठेवून द्यावी. मग वाटलं आईला उकरून बाहेर काढावं आणि जाब विचारावा. ड्रुसिला दर नाताळाला मला केकचा मोठा तुकडा द्यायची, तो कशाचा? दयेचा? एग्बर्ट माझं कुंपण फुकट नीट करायचा, तो? अख्खं गाव एवढी वर्षं माझ्या तोंडाकडे बघत होतं आणि मी, दीडशहाणी, आल्यागेल्याला नाळ विचारत होते. लाज वाटली हो, इतकी लाज वाटली की अंगातल्या कपड्यांची वाटावी. आणि ती बिननावाची पोर. तिचे नीरफणस मी जन्मभर खाल्ले, वाटले, मिरवले.

"मिस इसी? मिस्टर रॅन्सफर्ड?"

पेनिकुकबाई कुंपणाच्या फाटकात उभी होती. मागे ड्रुसिला, हात चोळत. तिनं बाईला अडवायचा प्रयत्न केलेला दिसत होता. बाईचा रेकॉर्डर गळ्यात, त्याचा लाल दिवा चालू.

"माफ करा, उद्या निघतेय. एवढं एकच राहिलंय. या झाडाबद्दल मला कुणी काही सांगतच नाही." ती माझ्याकडे बघून म्हणाली, "कुणाचं हे?"

खरं सांगावं तर घर गेलं. खोटं बोलावं, आणि तेही इथे, आईच्या पायाशी? मी असलं कधी केलं नव्हतं. पोर असतानाही नाही.

रॅन्सफर्ड उठला. चर्चमध्ये साक्ष द्यायला उठतो तसा, सदरा खाली ओढून. खवल्यांचा हात त्यानं बुंध्यावर ठेवला.

"माझ्या बहिणीचं," तो म्हणाला. "इसिल्डाचं. हिची नाळ इथे पुरलीय. मी पुरताना पाहिली, या डोळ्यांनी."

ड्रुसिलानं तोंडावर हात दाबला. अख्ख्या टेकडीवर बायबल उशाला घेऊन झोपणारा हा एकच माणूस आहे. माझ्याहून चार वर्षांनी धाकटा. माझ्या नाळेच्या वेळी हा कुठे होता? आईच्या मनातसुद्धा नव्हता!

बाईनं त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. माझे केस पांढरे फेक, त्याचे अजून अर्धे काळे. ती मूर्ख नव्हती. तिचं बोट रेकॉर्डरकडे गेलं आणि लाल दिवा विझला. का विझवला तिनं? समजली म्हणून? की मला बोलतं करायचा हा नवा डाव? आजही मला सांगता येणार नाही, आणि आजही माझा तिच्यावर पुरता विश्वास नाही.

"म्हणजे मिस्टर रॅन्सफर्ड तुमच्याहून मोठे, मिस इसी?" तिनं हळूच विचारलं.

त्याचा हात अजून बुंध्यावरच होता. मी जाऊन त्याच्या शेजारी उभी राहिले आणि माझा हात त्याच्या हातावर ठेवला.

"दिसत नाही का तुला?" मी म्हटलं. "दादा आहे तो माझा."

तेव्हा माझा धाकटा भाऊ रडायला लागला.