ओल्या मातीतली रेघ

सुनेने फवारणीची बाटली उचलली आणि पुन्हा खाली ठेवली. उत्खननाच्या खड्ड्याच्या उभ्या कडेवर पाणी मारलं की मातीच्या थरांचे रंग वेगवेगळे उमटतात. कड वाळली की सगळी माती एकसारखी. गेला आठवडाभर ती कड वाळूच देत होती.

कारण एकदा पाणी मारून तिने पाहिलं होतं. खड्ड्यात लागलेल्या दगडी भिंतीच्या पायासाठी खणलेला चर अगदी वरच्या, म्हणजे नव्या थरातून खाली उतरला होता. म्हणजे भिंत बरीच अलीकडची. आणि तीच इथली सर्वांत जुनी, असं पुस्तकात छातीठोकपणे लिहिणारे या उत्खननाचे प्रमुख तिचे सासरे होते. घरी बाबा, इथे सर. पुढच्या महिन्यात निवृत्त होणार होते. त्यांच्या जन्मभराच्या कामावर पाणी फिरवायचं, तेही झाडांना पाणी मारायच्या बाटलीने!

“आज ही कड उरकायची,” सर वरून म्हणाले. “दृष्ट लागेल म्हणून जपते आहेस का?”

“माती भुसभुशीत आहे, सर. उद्या करू.”

“तुझा उद्या काही उजाडत नाही.”

गुडघ्यावर हात टेकत ते खाली उतरले. बाटली त्यांनीच घेतली. पाणी पडलं तसा चर काळाभोर उठून दिसला. सरांनी छोटी थापी तिच्यापुढे धरली.

“ओढ रेघ.”

थापीच्या टोकाने थराची हद्द कोरायची, हा त्यांचाच नियम. कोरली की माघार नाही.

“आधी पलीकडे बघते,” ती म्हणाली. “तिथे चर नसेलही.”

भिंतीच्या पलीकडे सरांचा गेल्या वर्षीचा खड्डा होता. तिने त्यावरचं प्लास्टिक बाजूला सारलं. वाळलेल्या कडेवर त्याच चराची रेघ होती. ठाम हाताने कोरलेली, आणि तिच्यात वर्षाची धूळ बसलेली.

ती परत आली तेव्हा ते आपल्या बुटांकडे बघत उभे होते.

“बाबा, तुम्हाला माहीत होतं?”

इथे बाबा म्हटलेलं त्यांना खपत नसे. आज त्यांनी नुसती मान हलवली.

“म्हणून तर हा खड्डा तुला दिला,” ते म्हणाले. “वाटलं, तू तरी भीड ठेवणार नाहीस.”

तिला त्यांचा राग आला, आणि त्याहून जास्त स्वतःचा. कड पुन्हा वाळायला लागली होती. तिने थापी टेकवली.

“पाणी मारा,” ती म्हणाली.

त्यांनी मारलं.