नवा तारा कुणाच्या गळ्यात

नवा तारा उगवला, ही खरं तर आनंदाची बातमी. पण तारालेखकांच्या लेखनघरात सकाळपासून सगळ्यांचे चेहरे असे झाले होते, जणू कुणी पाहुणा न कळवता मुक्कामाला आलाय.

काल रात्री गच्चीवर झाडून सगळे हजर होते. आकाश स्वच्छ होतं आणि पूर्वेला, छपरांच्या जरा वर, एक पिवळसर तारा चांगला ठसठशीत दिसत होता. तो कुणालाच दिसला नाही. सातवाले म्हणाले, मी तेव्हा पश्चिमेकडे बघत होतो. चष्मेवाली म्हणाली, माझ्या काचा पुसायच्या राहिल्या होत्या. बाकीच्यांनी नुसतेच कानांवर हात ठेवले.

न दिसण्याला कारण होतं. या पंथात तारा जो पहिल्यांदा लिहील, त्याचा तो होतो. मग तो कुठे आहे, किती उजळ आहे, रंग कसा आहे, हे रोज रात्री एका ओळीत लिहायचं. नाही लिहिलं तर तारा विझतो. पहिला लिहिणारा जिवंत आहे तोवर दुसऱ्या कुणाचं अक्षर तो मानत नाही. ढग असले तर वर जाऊन ‘ढग’ असं लिहायचं. एक ओळ लिहिली की जन्माचं लोढणं. सातवाल्यांच्या गळ्यात अशी सात होती, म्हणून तर त्यांना सातवाले म्हणायचे.

ताई मात्र मोकळी होती, आणि सगळं घोडं इथेच अडलं होतं. पोरवयात, हौसेहौसेने तिने एक लालसर तारा लिहून घेतला होता. तो गेल्या महिन्यात म्हातारपणाने गेला, तिची एकही ओळ चुकलेली नसताना. ती त्याच्यासाठी पोटभर रडली. नियमाप्रमाणे ती सुटली होती. लेखनघरात असं सुटलेलं माणूस आजवर कुणी पाहिलं नव्हतं, त्यामुळे तिचं अभिनंदन करतानाही लोकांची तोंडं जरा वाकडीच झाली.

तिला फक्त बहिणीकडे जायचं होतं. धाकटी नदीपलीकडच्या गावात अंथरुणाला खिळून होती, आणि आता तरी ये म्हणून निरोपांवर निरोप धाडत होती. ते गाव असं अडनिड्या अंतरावर, की सकाळी निघून रात्रीच्या आत परत येता येत नाही. त्यामुळे ताई कधी गेलीच नाही. धाकटीच्या लग्नाला नाही, तिच्या बाळंतपणाला नाही. आई तिथेच आजारी पडली तेव्हाही नाही. त्या वेळी तिने थोरल्यांकडे, म्हणजे लेखनघराच्या प्रमुखांकडे, रजा मागितली होती. थोरले म्हणाले होते, रजा मिळत नाही. आई शेवटपर्यंत दाराकडे बघत होती म्हणे. त्या रात्री ताईने गच्चीवर लिहिलं, ‘लालसर, स्थिर.’

आज दुपारच्या गाडीने ती निघणार होती. पिशवी भरून पायाशी ठेवलेली. तेवढ्यात थोरले कोरा कागद आणि लेखणी घेऊन समोर येऊन उभे राहिले.

“ताई, निघालात वाटतं?”

“वाटतं कशाला? निघालेच आहे.”

“तो नवीन तारा...”

“कुठला तारा? काल तर कुणालाच दिसला नाही.”

सातवाले मान खाली ठेवूनच बोलले, “तुमचा हात मोकळा आहे, म्हणून म्हणतायत हो ते.”

हे तिने सकाळपासून इतक्यांदा ऐकलं होतं की तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. आयुष्यात पहिल्यांदा हात मोकळा झाला, तर सगळ्या घराच्या डोळ्यांत सलायला लागला. “मोकळा आहे तो माझ्यासाठी आहे,” ती म्हणाली. “तुम्ही सगळ्यांनी डोळेझाक करायची आणि निस्तरायचं मी?”

“तिसऱ्या रात्रीपर्यंत नाही लिहिला तर जाईल तो,” थोरले म्हणाले.

“मला कळतं ते.” तिलाच सगळ्यांत जास्त कळत होतं. काल रात्री तो तारा ती डोळे भरून बघत राहिली होती, आणि त्याचाही तिला राग आला होता.

थोरले वैतागले. त्यांनाही जेवायला जायचं होतं. “अहो, मग बहिणीकडे बसून लिहा. तारा तिथूनही दिसतोच की.”

ताईला आधी नीट कळलंच नाही. “तिथून चालतं?”

“न चालायला काय झालं? रोज लिहिला म्हणजे झालं. गच्चीच हवी असं नियमात कुठे आहे?”

“कधीपासून?”

“पहिल्यापासून. कुणी विचारलंच नाही.”

लेखनघरातल्या सगळ्या लेखण्या थांबल्या.

“मी आले होते तुमच्याकडे,” ताई म्हणाली. “आईच्या वेळी.”

“तुम्ही रजा मागितलीत. रजा मिळत नाही. दुसरीकडून लिहू का म्हणाला असतात, तर हो म्हटलं असतं.” थोरल्यांनी हे अगदी सरळ सांगितलं. त्यांच्या मनात काही वाईट नव्हतं, आणि तेच तिला सहन होईना.

तिला रडू आलं, आणि या माणसासमोर रडू आलं म्हणून आणखी संताप आला. आईच्या उशाशी बसून, खिडकीतून बघून, एक ओळ लिहायची होती. एवढंच. तिने पदराने तोंड पुसलं, पिशवी उचलली आणि थोरल्यांच्या हातातला कोरा कागद ओढून घेतला.

“म्हणजे लिहिणार ना?”

“बहिणीला दाखवते आधी. तिला आवडला तर लिहीन.”

“असं चालत नाही, ताई. इथून शब्द देऊन जावं लागेल.”

“मी विचारत नाहीये,” ताई म्हणाली, आणि जिना उतरायला लागली.

मागे कुणीतरी खुर्ची सरकवली. सातवाले उठले होते. दौतीला बूच लावत ते थोरल्यांना म्हणाले, “माझा मुलगा पलीकडच्या डोंगरावर राहतो. तिथून साती दिसतात का, ते जरा सांगा.”