बाविसावं प्रकरण

हेब्रन हॉलो गावातल्या बायका दर गुरुवारी दुपारी ग्रिसवोल्डांच्या पुढच्या खोलीत गोधडी शिवायला जमत. पूर्वी त्या चर्चच्या तळघरात बसायच्या. पण दोन हिवाळ्यांमागे तापानं केतुरा ग्रिसवोल्डच्या पायांतली ताकद गेली, ती खिडकीजवळच्या पलंगाला खिळली, आणि एकोणीस वर्षांच्या पोरीनं दिवसभर एकटीनं भिंतीकडं बघत पडायचं हे कुणालाच बघवेना, तेव्हा गोधडीची लाकडी चौकट, सुयांचे डबे आणि गावभरच्या बातम्या असं सगळंच तिच्या खोलीत मुक्कामाला आलं. चौकटीचा एक कोपरा पलंगावर टेकलेला असे, म्हणजे केतुरालाही चार टाके घालता यावेत.

ऑर्फा लूमिस तेवढी शिवत नसे. संधिवातानं तिची बोटं वाकली होती. आवाज मात्र अजून खणखणीत होता, म्हणून तिच्याकडं वाचून दाखवायचं काम होतं. गावातली अर्धी माणसं तिच्याच शाळेत अक्षरं गिरवून मोठी झालेली. नवरा जाऊनही आता बरीच वर्षं झाली होती, आणि लहानथोर सगळे तिला ऑर्फामावशी म्हणत. तिचे दोन नियम होते. पुढचं प्रकरण आधी चोरून वाचायचं नाही, आणि जे छापलंय ते छापल्यासारखं वाचायचं, एक शब्द इकडचा तिकडे करायचा नाही.

त्या वसंतात मिस अल्मायरा थॉर्न यांची ‘लोइसची सुगी’ चालू होती. मिस थॉर्नची पुस्तकं घरोघरी बायबलशेजारी ठेवलेली असत, आणि खरं सांगायचं तर बायबलपेक्षा जास्त मळलेली असत. लोइस ही अनाथ मुलगी, खाष्ट आत्याच्या शेतावर राबणारी, उलट शब्द न बोलणारी, रोज प्रार्थना करून एकेकाचं मन जिंकणारी. एकविसाव्या प्रकरणाच्या शेवटी ती तापानं अंथरुणाला लागली आणि डॉक्टरांनी मान हलवली.

“मला विचाराल तर ही आता चालली,” दोरा दातानं तोडत पेटिबोनबाई म्हणाल्या. “मिस थॉर्नच्या पुस्तकात गुणी मुलीला सुरकुत्या पडलेल्या मी तरी वाचल्या नाहीत. म्हणून तर मी लहानपणीच ठरवलं, फार गुणी व्हायचं नाही!”

बायका खळखळून हसल्या. केतुरा हसली नाही. सुई गोधडीत खोचून ती म्हणाली, “जाताना दुखत असेल का हो, मावशी?”

ऑर्फानं पुस्तक मिटून मांडीवर ठेवलं.

रविवारी चर्च सुटल्यावर केतुराच्या आईनं, डेलियानं, ऑर्फाला फाटकापाशी गाठलं.

“मावशी, पोरगी तीन दिवस धड जेवली नाहीये. त्या लोइसच्या जागी स्वतःला बसवून घेतलंय तिनं. गुरुवारी काहीतरी करा. दोन पानं गाळा, नाहीतर वाचवा त्या मेलीला. कुणाला कळणार आहे?”

“डेलिया, म्हणजे खोटं वाचू मी?”

“हो, खोटं वाचा!” डेलियाचा आवाज फुटला. “एवढी वर्षं खरं वाचलंत. देव एक गुरुवार माफ करेल.”

ऑर्फा तशीच घराकडं वळली. चारही दिवस ती पुस्तकाभोवती घुटमळली, पण उघडलं नाही. ‘निवड माझ्यावर टाकू नकोस,’ एवढीच प्रार्थना ती करत राहिली. गुरुवारी दुपारी तिनं बाविसावं प्रकरण काढलं, चष्मा सारखा केला, ओळीखाली बोट ठेवलं आणि वाचू लागली. लोइसनं डोळे उघडले. उशाशी आत्या बसली होती. “आत्या,” लोइस क्षीण आवाजात म्हणाली, “तळघरातल्या बरणीतली खारवलेली काकडी मिळेल का गं?” आणि जन्मात कुणाला एक काकडी जास्त न वाढलेली ती आत्या रडत रडत अख्खी बरणी कवटाळून वर आली.

खोलीत हशा उसळला. पाळकांच्या बायकोची सुई गालिच्यात हरवली. केतुरा हसता हसता रडली, मग म्हणाली, “आई, आपल्याकडे आहे का गं काकडी?” डेलियानं ऑर्फाकडं अशा काही नजरेनं पाहिलं की ऑर्फाला ओरडून सांगावंसं वाटलं: अगं, मी काही केलं नाही, हे असंच छापलंय!

मग गुरुवार नुसते बहरले. लोइस बरी झाली. आत्याच्या मागे बदक लागलं आणि ती घागऱ्यासकट तळ्यात पडली. घड्याळं विकत फिरणारा एक तोतरा तरुण लोइसच्या दारी आला आणि एकच घड्याळ सात वेळा दाखवून गेला. शेजारच्या दोन गावांतून बायका येऊ लागल्या, येताना लोणी आणि मेपलची काकवी आणू लागल्या. एप्रिल संपता संपता केतुरा पाय खाली सोडून बसली. मे महिन्यात चौकटीला धरून उभी राहिली. डॉक्टरांनी लॅटिनमध्ये काहीतरी पुटपुटत तिचे गुडघे तपासले, आणि कारण विचारताच सफरचंदाच्या केकचा आणखी एक तुकडा मागून घेतला.

मग एकदा पेटिबोनबाईंनी पुस्तक दोन दिवसांसाठी घरी नेलं. लोइसच्या रविवारच्या झग्याचं वर्णन त्यांना लेकीसाठी उतरवून घ्यायचं होतं. तिसऱ्या दिवशी सकाळी त्या ऑर्फाच्या स्वयंपाकघरात येऊन बसल्या आणि पुस्तक टेबलावर ठेवलं.

“मावशी,” त्या म्हणाल्या, “लोइस मरते.”

“कुठं?”

“बाविसाव्यातच. काकडीबिकडी काही नाही. आत्या थडग्याशी गुडघे टेकते आणि पुस्तक संपतं. बदक नाही की घड्याळवाला नाही. मी दोनदा पाहिलं.”

त्या गेल्यावर ऑर्फानं पुस्तक उघडलं. लोइस मेली होती. स्वच्छ, ठळक अक्षरांत, एका सुंदर परिच्छेदात. नंतरची मोजकी पानं आत्याच्या पश्चात्तापाची होती, आणि मग कोरा कागद. ऑर्फानं ती पानं बोटांनी चाचपून पाहिली. मग ती खुर्चीत बसली, आणि चुलीवरची लापशी करपल्याचा वास येईपर्यंत उठली नाही.

गुरुवारी तिनं पेटिबोनबाईंना आपल्या अगदी जवळ बसवून घेतलं. “मी वाचते. तुम्ही ओळीवर नजर ठेवा.” पुस्तक उघडलं. पानावर बदक होतं, तळं होतं, घड्याळवाल्यानं आणलेली रानफुलं होती. ऑर्फानं वाचलं. पेटिबोनबाई बोटामागून नजर फिरवत राहिल्या. अर्धं पान झाल्यावर त्यांनी चष्मा काढून एप्रनला पुसला, तो परत लावलाच नाही, आणि आपली खुर्ची हळूच उचलून चौकटीपाशी नेली.

“काय दिसलं?” ऑर्फानं कुजबुजत विचारलं.

“केतुरा उभी आहे, ते दिसतंय,” पेटिबोनबाई म्हणाल्या. “तुम्ही वाचा.”

पण ऑर्फाचं मन खाई. आपण लबाडी करतोय, आणि ती आपली आपल्यालाच कळत नाहीये, असं तिला वाटत राही. अखेर तिनं मिस थॉर्नना पत्र लिहून सगळं कबूल केलं. ‘आपल्या पुस्तकाचा माझ्या हातून अपराध होत आहे,’ असं तिनं लिहिलं, आणि बदकाचाही उल्लेख केला. उत्तर आलं नाही. स्ट्रॉबेऱ्या पिकल्या त्या आठवड्यात, गुरुवारी, आगगाडीनं स्वतः मिस थॉर्न आल्या.

राखाडी पोशाखातली साठीची लहानखुरी बाई. कुणाचीतरी पाहुणी समजून बायकांनी तिला जागा दिली, सुई दिली. पुस्तकातल्या चित्रावरून ऑर्फानं तिला ओळखलं. पण केतुरा वाट बघत होती. ऑर्फा वाचू लागली. त्या दिवशीच्या प्रकरणात घड्याळवाला आत्याकडं लोइसचा हात मागायला येतो, आणि घाबरून आत्यालाच मागणी घालून बसतो. बायकांना चौकटीला धरून हसावं लागलं. मिस थॉर्नची सुई जिथल्या तिथं थांबली होती.

चहाची वेळ झाली. केतुरा स्वतःच्या पायांनी, कुणाचाही हात न धरता, स्ट्रॉबेऱ्यांचा वाडगा घेऊन फिरत होती. ऑर्फा पाहुणीला ओसरीवर घेऊन गेली.

“मला जे बोलायचं ते बोला,” ऑर्फा म्हणाली. “मी तुमचं पुस्तक नासवलं.”

मिस थॉर्ननी बशीतली साय चमच्यानं उगाच ढवळली. “यादवी युद्धाच्या आधीची गोष्ट. पहिल्यांदा मी तिला वाचवलं होतं. काकडी माझी आहे, बाई. ते बदकही माझंच. लिहिताना इतकी हसले होते, की बहीण वर बघायला आली. प्रकाशक म्हणाले, ‘लोक रडले तरच देवाकडं वळतात.’ मी सगळी पानं एकेक करून चुलीत घातली. कुणी वाचली नव्हती. बहिणीनंसुद्धा नाही.”

ऑर्फाच्या डोळ्यांतून पाणी आलं. इतक्या आठवड्यांनंतर छाती मोकळी झाली. “म्हणजे मी खोटं वाचलं नाही?”

“एक शब्दही नाही.” मिस थॉर्न हसल्या, आणि त्या हसण्यानं तरुण दिसल्या. “आज पुढं काय आहे?”

“पुढं? चहानंतर पुढचं प्रकरण, बहुतेक लग्नाचंच. सगळ्या त्याचीच वाट बघताहेत.”

मिस थॉर्ननी बशी खाली ठेवली. “लग्न मी लिहिलंच नाही,” त्या म्हणाल्या. “मागणीपाशी थांबले. तिथपर्यंतच लिहून झालं होतं.”

आतून बायकांनी हाक मारली. मग मिस थॉर्ननी ऑर्फाचा वाकडा हात हातात घेतला. “चला, मलाही ऐकू दे,” त्या म्हणाल्या, आणि आत जाऊन एखाद्या शाळकरी मुलीसारख्या सगळ्यांत पुढं बसल्या.

ऑर्फानं पान उलटलं. लग्न तिथं होतं. चर्चची दारं उघडी होती, आत्यानं नवी टोपी घातली होती आणि ती उलटी घातली होती. बायका हसल्या, बाहेरच्या उन्हाचा एक पट्टा चौकटीवर पडला होता आणि त्यात गोधडीचे लाल चौकोन चमकत होते. ऑर्फाचा आवाज कधी नव्हता इतका मोकळा लागला होता. पाळकांनी घड्याळवाल्याला विचारलं, हिला पत्नी म्हणून स्वीकारतोस का. घड्याळवाल्यानं तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं—

इथं तिचा घसा सुकला. तिनं बोट ओळीवर तसंच ठेवून पाण्याचा पेला उचलला, आणि पिता पिता सहज वर पाहिलं. केतुरा उभ्यानं टाके घालत होती, मान खाली, सुई भरभर चाललेली, आणि तिचे ओठ हलत होते. ऑर्फा थांबली होती, ते थांबले नव्हते.

आणि सगळी खोली एकदम हसली. पेटिबोनबाई मांडी थोपटत होत्या, डेलिया डोळे पुसत होती, मिस थॉर्न पोट धरून म्हणत होत्या, “अगं बाई, काय हे उत्तर!”

पेला हातात तसाच धरून ऑर्फानं पुस्तकाकडं पाहिलं. घड्याळवाल्याचं उत्तर पुढच्या ओळीत होतं. ते तिनं अजून वाचलं नव्हतं.