दुकानासारखं

त्र्यंबकरावांनी चमचा तोंडातून काढला, उलटा करून पुन्हा चाटला, डोळे मिटले आणि जिभेवरचं टाळूला लावून तपासलं. लीलाबाई स्वयंपाकघराच्या दारात पदराला हात पुशीत उभ्या होत्या.

"चांगलं झालंय," त्र्यंबकराव म्हणाले. "पण दुकानासारखं नाही."

"काय कमी पडलं?"

"ते शब्दांत कसं सांगणार? दुकानासारखं नाही, एवढं खरं."

एवढं बोलून त्यांनी तो उभा काचेचा ग्लास तळापर्यंत खरवडून खाल्ला. कमी असलेली वस्तू माणूस इतक्या मनापासून कशी खातो, हा प्रश्न लीलाबाईंना पडला असता तर पुढचा बराच ताप वाचला असता. पण त्यांना तो पडला नाही. त्यांनी रिकामा ग्लास उचलला आणि म्हणाल्या, "पुढच्या वेळी बघते."

परगावच्या पाहुण्याला आमच्या कोल्हापुरात कुणी "चला, कॉकटेल खाऊ" म्हटलं की तो आधी दचकतो. मग त्याला कळतं की इथं कॉकटेल खातात. तळाला फळं, त्यावर लाल-हिरवी जेली, त्यावर दोन रंगांचं आइस्क्रीम, पुन्हा फळं आणि शेवटी डोक्यावर एक चेरी. त्र्यंबकराव ऑडिटच्या कचेरीत. शनिवारी कचेरी अर्धी सुटली की ते, कचेरीतलेच गणपतराव आणि आणखी दोघंतिघं मिळून दुकानात जात, कॉकटेल खात आणि मग आपापल्या घरी जाऊन डोकं दुखतंय म्हणून पडत.

लग्नाला चार-पाच वर्षं झाल्यावर लीलाबाईंनी एकदाच विचारलं होतं. "मला न्या की एकदा."

"तिथं? चार पुरुषांत बसून चमचे चाटणार तू?" त्र्यंबकराव म्हणाले होते. "घरी कर की. मी सांगतो कसं असतं ते."

आणि त्यांनी सांगितलं. खालून वर, थराथरानं, तपासणीचा अहवाल सांगावा तसं. म्हणजे लीलाबाई जे करायला शिकल्या ते त्यांनी कधी खाल्लेलंच नव्हतं. ऐकीव माहितीवर त्यांनी कॉकटेल उभं केलं.

पहिल्या वेळी शेजारून आइस्क्रीमचा संचा मागून आणला, बर्फाच्या कारखान्यातून पोत्यात गुंडाळलेली लादी आणली, जाडं मीठ घातलं आणि दंडाला गोळे येईस्तोवर दांडा फिरवला. अननस कच्चाच दुधात घातला. दूध नासलं आणि सगळं कडू झालं. लहानगी लेक नंदिनी थू थू करत मोरीकडं पळाली. "दुकानासारखं नाही," हा शेरा पहिल्यांदा त्या दिवशी पडला आणि त्या दिवशी तो योग्यच होता.

मग लीलाबाई अननस आधी साखरेत शिजवायला शिकल्या. चायनाग्रासची जेली दोनदा गाळून गुलाबाच्या सरबतानं लाल, खसच्या सरबतानं हिरवी करायला शिकल्या. केळं आयत्या वेळी कापायचं, चिकू सालीसकट गार करून मग सोलायचा, द्राक्षांच्या बिया सुईनं काढायच्या. नंदिनी मोठी झाली, एकदा म्हणाली, "आई, झकास!" तर वडील म्हणाले, "तू दुकानातलं खाल्लंयस का?" तिनं खाल्लं नव्हतं. विषय संपला. पुढं ती लग्न होऊन वारणानगरला गेली.

त्र्यंबकरावांचा पेशाच तसा. दुसऱ्याच्या जमाखर्चावर लाल पेन्सिलीनं शेरा मारायचा. निर्दोष वही हाती लागली की ते अस्वस्थ व्हायचे. शाईचा डाग तरी शोधायचेच. पूर्ण बरोबर म्हटलं की समोरचा शेफारतो, हे त्यांचं सिद्ध झालेलं मत. बायकोच्या बाबतीत तर ते मत त्यांनी फारच काटेकोरपणे पाळलं.

संच्याची दगदग मात्र पुढं संपली. समोरच्या शालूबाईच्या मुलाला साखर कारखान्यात नोकरी लागली आणि त्यानं गल्लीतला पहिला फ्रिज आणला. शालूबाई म्हशी पाळणारी बाई, ताज्या दुधाची. शिळं ठेवायला कपाट कशाला पाहिजे, म्हणून ती त्यात पाण्याच्या बाटल्यांशिवाय काही ठेवीना. बर्फाचा कप्पा आपसूक लीलाबाईंच्या ताब्यात आला.

"वैनी, मालकाची जीभ लई शिकल्याली हाय व्हय?" ट्रे काढून देताना शालूबाई विचारायची. "त्यापरीस भांडी पुसायची फडकी बरी. न्हाय तर मला द्या वाटीभर. मी शेरा मारत न्हाय."

लीलाबाई हसायच्या. शालूबाईला वाटी द्यायच्या, ह्यांना ग्लास द्यायच्या, आलंगेलं असेल त्याला द्यायच्या. सगळ्यांचं होऊन पातेलं त्यांच्या वाट्याला येई तोवर त्यात रंगीत दूध उरलेलं असे. ते त्या उभ्यानं पिऊन टाकत. गोठलेलं कॉकटेल, घरचं काय आणि दुकानचं काय, त्यांच्या जिभेला कधी लागलं नव्हतं. त्यांना त्याचं दुःख नव्हतं. त्यांना फक्त एकदा ऐकायचं होतं, "जमलं." बाकी काही नको होतं, आणि नेमकं तेच त्या माणसाच्या तोंडून सुटत नव्हतं.

त्र्यंबकराव निवृत्त झाले त्याच आठवड्यात गणपतराव घरी आले. त्र्यंबकराव दाढीला गेले होते. गणपतरावांचा आवाज असा की ते कानात बोलले तरी गल्लीला कळावं.

"वहिनी, आता आमचा शनवार मोडला की! आता कुठं भेटायचं? म्हटलं, वहिनींनाच साकडं घालावं. एकदा तुमच्या हातचं कॉकटेल खाऊ घाला."

"माझ्या हातचं?" लीलाबाई म्हणाल्या. "तुम्ही दुकानातलं खाणारी माणसं. माझं कुठलं तसं?"

"आता गं बया! अवो, त्र्यंबकरावांनी आम्हाला दुकानात कदी सुखानं खाऊ दिलं न्हाय. एक चमचा पोटात गेला की सुरू. 'ह्याला काय कॉकटेल म्हणायचं? आमच्या घरात होतंय ते खावा.' मालक गल्ल्यावर बसून ऐकतोय, तरी ह्यांचं चालूच! अननस आधी शिजवायचा, द्राक्षाच्या बिया सुईनं काढायच्या, समदं सांगत्यात. आम्हाला पाठ झालंय."

"हे असं म्हणतात?"

"दर शनवारी! आमची मंडळी, आक्का, तर म्हणती, शिका जरा त्र्यंबकरावांकडनं, बायकोचं कौतुक कसं करायचं."

लीलाबाई चहा करायला आत गेल्या. साखर घातली की नाही ते त्यांना आठवेना. गणपतरावांनी एक घोट घेतला, कपात बघितलं आणि तरी सगळा चहा संपवला. मूळचे बरे गृहस्थ.

तेव्हा बाईला संसारात कौतुक मिळालंच नाही, असं म्हणता येणार नाही. मिळालं, भरपूर मिळालं. फक्त ते दर शनिवारी दुकानात खर्च होत होतं. राबणं बायकोच्या नावे आणि शेखी नवऱ्याच्या नावे. घरी यायचा तो नुसता शेरा.

त्र्यंबकराव गुळगुळीत होऊन परत आले.

"गणपतराव येऊन गेले," लीलाबाई म्हणाल्या. "रविवारी त्यांना आणि आक्कांना कॉकटेल खायला बोलावलंय."

"मला न विचारता?" त्र्यंबकरावांनी हनुवटी चाचपली. "बरं, आता बोलावलंयस तर नीट कर. अब्रूचा प्रश्न आहे. नेहमीसारखं नको."

"नेहमीसारखं नको," लीलाबाई म्हणाल्या. ते प्रश्न म्हणून म्हटलं की उत्तर म्हणून, हे त्र्यंबकरावांनी तपासलं नाही.

रविवारी दुपारपर्यंत सगळं गोठून शालूबाईच्या फ्रिजमध्ये तयार होतं. उन्हं कलल्यावर लीलाबाईंनी इरकली नेसली, रुंद तोंडाचा थर्मास पिशवीत घातला आणि शालूबाईला सांगितलं, "मी जरा दुकानात जाऊन येते."

"कंच्या?"

"कॉकटेलच्या."

शालूबाईनं धार काढता काढता मान वळवली. म्हशीनं शेपूट मारलं तरी तिला कळलं नाही.

दुकानात पंखे फिरत होते. पलीकडच्या टेबलाशी कॉलेजच्या दोन मुली खिदळत चमचे चाटत होत्या आणि त्यांच्याकडं कुणी बघतही नव्हतं. गल्ल्यावरचा मालक म्हणाला, "पार्सल व्हय वैनी? भरून देतो. पर एक हितं बसून खावा. वाटंत मजा जाती त्यातली."

लीलाबाई बसल्या. ग्लास आला. त्यांनी पहिला चमचा तोंडात घेतला आणि ह्यांच्यासारखे डोळे मिटले. अननस डब्यातला होता. जेली जरा चिवट. आइस्क्रीममध्ये बर्फाचे बारीक खडे, ते त्यांच्याकडं पहिल्या वर्षी व्हायचे. द्राक्षात बी लागली. वाईट काही नव्हतं, चांगलं होतं. पण त्या जे कमी होतं त्याची वाट बघत होत्या. लालमध्ये नाही, तर हिरव्यात असेल. वर नाही, तर तळाला असेल. चमचा खाली खाली गेला. तळ आला. ते काही आलं नाही.

"कसं हाय वैनी?"

"चांगलं आहे," लीलाबाई म्हणाल्या. पुढचं वाक्य तोंडाशी आलं होतं, ते त्यांनी गिळलं.

संध्याकाळी गणपतराव आणि आक्का आले. लीलाबाईंनी स्वयंपाकघरात ग्लास भरले. तीन ग्लासांत स्वतः केलेलं, ह्यांच्या वाटणीचंही त्यातच धरून. चौथ्यात थर्मासमधलं. वर चेरी ठेवल्यावर चारही ग्लास सख्ख्या बहिणींसारखे दिसू लागले. स्वतः केलेल्यातला एक त्यांनी ताटलीखाली झाकून ठेवला, दोन पाहुण्यांना दिले. थर्मासमधला त्र्यंबकरावांपुढं ठेवला आणि त्या दारात येऊन उभ्या राहिल्या, रोजच्या जागी.

"आरारा!" गणपतराव ओरडले. "आक्का, बघितलंस? दुकानाच्या तोंडात मारलं की हो! त्र्यंबकराव, तुम्ही कमीच सांगितलं होतं!"

आक्का म्हणाली, "लीलाताई, द्राक्षाला बी न्हाय, खरंच!"

त्र्यंबकरावांची पंचाईत झाली. एका बाजूला मित्र, दुसऱ्या बाजूला दारात बायको; दोन ठिकाणी दोन बोलणारा माणूस पहिल्यांदाच दोन्ही ठिकाणी एकदम बसला होता. त्यांनी चमचा तोंडात घेतला. उलटा करून चाटला. डोळे मिटले.

लीलाबाईंनी दाराची चौकट धरली. अजूनही, एवढं सगळं करून, त्यांना वाटत होतं की ह्यांनी आता ओळखावं. "हे तुझं नव्हे," एवढं जरी म्हणाले, तरी इतकी वर्षं ह्यांच्या जिभेला आपला हात कळत होता, असं धरून चालता येईल.

"ठीक आहे," त्र्यंबकराव म्हणाले. "पण आज दुकानासारखं नाही जमलं."

"अवो, दर शनवारी तर सांगता, दुकानापेक्षा भारी म्हणून!"

"असतं, असतं. एरवी असतं. आज पाहुणे येणार म्हणून गडबडली ती. अननस कमी शिजलाय, तुम्हाला कळणार नाही. बी पण राहिलीय एक." त्यांनी ती बी चिमटीत धरून दारापर्यंत दिसेल अशी दाखवली.

लीलाबाई आज "पुढच्या वेळी बघते" म्हणाल्या नाहीत. त्या आत गेल्या. थर्मास विसळून ओट्यावर पालथा घातला. शालूबाई मागच्या दारानं बर्फाचे ट्रे न्यायला आली होती. तिनं थर्मासकडं बघितलं, मग लीलाबाईंच्या तोंडाकडं.

"काय म्हनलं मालक?"

"नेहमीचंच."

शालूबाई ट्रे घेऊन निघून गेली.

लीलाबाईंनी ताटली उचलली. ग्लास अजून गार होता, काचेवर दव जमलं होतं. त्यांनी पाट ओढला, भिंतीला टेकून बसल्या आणि खायला लागल्या. घाई न करता, वरून खाली, एकेक थर. शिजवलेला अननस दातांखाली मऊ आला. द्राक्षं निर्धास्त फुटत होती.

बाहेरून हाक आली. "अगं, आहे का अजून थोडं?"

ग्लासात अर्धं होतं. लीलाबाईंनी लाल जेलीत चमचा घातला.

"संपलं," त्या म्हणाल्या.